शेरा

धनकवडीच्या क्षेत्रीय कार्यालयात, जिन्याखालच्या टेबलावर
मी आवक-जावक.
नाव आहे मला, पण फोनवरही असंच सांगतो :
आवक-जावक बोलतोय.

आवक क्रमांक अकराशे त्रेचाळीस.
वैजयंता पायगुडे, आंबेगाव पठार,
मिरची-मसाला कांडप, पाच अश्वशक्ती,
परवाना मिळणेबाबत.
अर्जाच्या घडीत तिखट होतं.
दुसऱ्याच्या यंत्रावर रोजाने कांडते, तिच्या बोटांचं असणार.
मी शिंकलो. शिक्का वाकडा बसला.

पुढे फाइल कुठवर पोचली
ते मला शिंकांवरून कळायचं.
जूनमध्ये आरोग्य खातं शिंकलं,
दिवाळीनंतर अग्निशमन.
बांधकामवाले किती महिने शिंकलेच नाहीत.
'चर्चा करावी', कुणीतरी हिरव्या शाईत लिहिलं.
कुणी, कुणाशी, ते नाही लिहिलं.
मग निवडणुकीची ड्युटी लागली सगळ्यांना,
मग गणपती, मग मार्चएंड.

तिचं यंत्र घरापुढे उभं होतं, कर्जाचं.
त्याच्यावर निळी ताडपत्री.
हप्ता तेवढा उघडा.

ती यायची. बाकाच्या टोकाला बसायची,
मधली फळी उचकटलीय म्हणून.
'साहेब साइटवर आहेत' हे वाक्य
मी दहा वेगळ्या आवाजांत म्हणायला शिकलो.
एकदा म्हणाली,
"नाही म्हणाले तरी चालेल हो.
विकून टाकीन यंत्र. पण नाही तरी म्हणा."

नाही म्हणायचा अधिकार माझ्याकडे नाही.
हो म्हणायचाही.
माझ्याकडे सात रकाने आहेत, सातवा शेऱ्याचा,
आणि त्यात काय लिहायचं
हे कुठल्याच परिपत्रकात नाही, म्हणून तो कोरा असतो.
त्या दिवशी लिहिलं :
अर्जदार आल्या. थांबल्या. गेल्या.
मग सवयच लागली.

शेवटी ती मुंबईला गेली, हायकोर्टात.
कोर्ट म्हणालं, चार आठवड्यांत निर्णय घ्या,
काय तो घ्या.
तो आदेशही आला माझ्याच टेबलावर.
मी त्याला क्रमांक दिला, एकवीसशे सात,
आणि त्याच ट्रेमध्ये ठेवला.
दुसरा ट्रे नाही.

पाचव्या आठवड्यात साहेब स्वतः खाली उतरले.
जिन्याखाली पहिल्यांदाच. डोकं आपटलं त्यांचं.
"रजिस्टर द्या. कोर्टाने मागवलंय."
एकवीस वर्षं लिहितोय,
कुणी वाचल्याचं आठवत नाही.
पिवळ्या फडक्यात बांधून ते पहाटेच्या शिवनेरीने गेलं,
खिडकीजवळ, साहेबांच्या मांडीवर.

तिथे काय झालं ते शिपायाकडून कळलं.
आमचे वकील म्हणाले, अर्जदाराने पाठपुरावाच केला नाही.
न्यायमूर्तींनी रजिस्टर उघडलं,
चष्मा वर केला, आणि सातवा रकाना मोठ्याने वाचला.
आल्या. थांबल्या. गेल्या.
आल्या. थांबल्या. गेल्या.
पानं उलटत सतरा वेळा,
त्या इंग्रजी दालनात, मराठीत.
पहिल्यांदा कुणीतरी हसलं होतं.
नंतर नाही.
मग विचारलं, अक्षर कुणाचं आहे हे?
साहेबांना माझं नाव आठवेना.
म्हणाले, आवक-जावक.

परवाना निघाला सव्वीस मार्चला.
मुदत : एकतीस मार्च.

एक तारखेला ती परत आली,
नूतनीकरणाचा अर्ज, तीच घडी.
बाकावर बसली नाही.
मी पावती हातात दिली आणि मग शिंकलो.

रजिस्टर अजून मुंबईलाच आहे.
नवं मिळावं म्हणून टिपणी वर पाठवलीय,
तिच्यावर चर्चा करायची आहे म्हणतात.
तोवर पाठकोरे कागद शिवून घेतलेत.
पट्टी घेऊन रकाने आखले, सात.
सातवा जरा रुंद.