खळं

क्रमांक सत्तेचाळीस. वय एकोणऐंशी.
नाव मला कळायला नको होतं, तिनेच सांगितलं:
गुडवेग. लिस्टाची, दीपगृहाच्या अलीकडचं पिवळं घर.

कंगवा लागला की कानशील ठणकतं, म्हणाली,
आणि सुका मासा चावताना जबडा मध्येच दमतो,
चढावर थांबणाऱ्या म्हाताऱ्या घोड्यासारखा.
फॉर्मवर रकाने दोनच: आहे, नाही.
घोडा कुठे बसवू?

थंडगार जेल. प्रोब टेकवला तशी
तिने डोळे मिटले.
पडद्यावर धमनी, बोटभरही नाही,
आणि तिच्याभोवती काळसर कडं.
खळंच म्हणतो आम्ही त्याला.

नियम असा:
कानशिलातला तुकडा वरच्या मजल्यावर जाईल,
तिथल्या तुरेला माझं चित्र दिसणार नाही,
मला त्याचा अहवाल.
संशोधनाच्या भाषेत आम्ही दोघंही आंधळे.
हे समजावताना जीभ अडखळली,
कारण हा आजार डोळेच नेतो,
एखाद्या सकाळी, न सांगता.

ती हसली. "आपल्या दोघींत
एकच आंधळी पुरे, पोरी."

मग पडद्याकडे वळून:
"चंद्राला असं खळं पडलं की
बाबा होड्या वर ओढून घ्यायचे.
वादळ प्रत्येक वेळी यायचं असं नाही."

गोळ्या त्याच संध्याकाळी सुरू केल्या.

तिसऱ्या आठवड्यात आली.
अहवाल अजून पाकिटात, मोहोरबंद.
केसांचा भांग वाकडा,
पण स्वतः पाडलेला.