डावीकडून उजवीकडे

दाजी पेठेत, पिठाच्या गिरणीला लागून
राजेशम कुरापाटीचं दुकान.
पुढे सायकली भाड्याने, तासाला दीड रुपया,
मागे गोणपाटाचा पडदा, पडद्याआड
एकच मशीन.
मे महिन्यात पत्रा तापला की
दांडीवरचा लाल गोळा घामाने हातातून सुटायचा.

विमान डावीकडे. बाकी सगळं उजवीकडून येणार:
डोंगर, तोफा, एकडोळ्या माशा,
आणि शेवटी पडदाभर पसरलेला तो खेकडा.
मागे वळायचं बटणच नव्हतं.
आमच्या घराखालच्या मागावरचा धोटा तरी
खट्ट करून जायचा, खट्ट करून परत यायचा.

नागमणी यन्नम कारखान्यात विड्या देऊन यायची,
रिकामं सूप एखाद्या सायकलीला टेकवायची
आणि घोळक्यात शिरायची.
पोरं सरकायची नाहीत, ती सरकवायची.
रोजचा हजार विड्यांचा हात,
अंगठ्याच्या नखात तंबाखू.
गोळ्या कुठून येतात ते ती बघायचीच नाही.
पंचवीस मोजले की कट्टा बांधायचा,
पंचवीस मोजले की विमान वर उचलायचं.
"बघू नको बे," मला म्हणाली, "मोज.
ते पण रोज तेच करतात.
त्यांना तरी दुसरं काय येतंय."

नावासाठी मशीन तीनच अक्षरं द्यायचं, ती पण इंग्रजी.
एन, ए, जी.
राजेशम मोठ्याने वाचायचा: नाग!
रात्री तो मेन स्विच खाली ओढायचा
आणि नाग पुसला जायचा.
सकाळी वरच्या नंबरावर पुन्हा तीच कंपनीने भरलेली नावं,
ज्यांना खेळताना कुणी बघितलं नव्हतं.
म्हणून तो भिंतीवर खडूने लिहून ठेवायचा:
नाग, चार लाख बारा हजार.
त्याच्याखाली, पंक्चरचे पैसे कुणाकडून यायचेत ते.

मी तिसऱ्या टप्प्यात मरायचो.
मेल्यावर दहा, नऊ, आठ असे आकडे पडायचे,
खिशात आठ आणे शोधायला दिलेली सवड.
वडिलांच्या मिलच्या गेटावर आकडे पडले नाहीत.
एका सोमवारी नुसती साखळी होती.

मग ते घरीच ग्राफ काढायला बसले.
चौकटीचा कागद, लाल पेन्सिल,
एकेक घर भरत चादरीवरचा मोर.
मी पाठीमागून वाकून बघितलं आणि ओरडलोच.
जवळून बघा, पिसारा नुसत्या पायऱ्या पायऱ्या!
आमचा खेकडा पण असाच होता की.
वडील म्हणाले, लांब हो,
तुझा घाम गळतोय मोरावर.

नागमणीला भिवंडीला दिली.
मशीन कुणी नेलं, माहीत नाही.
भिंत नंतर दोनदा रंगवली.

आता मी ग्राफ काढतो. कागद गेला,
पडद्यावरच घरं भरतो.
गेल्या वर्षी गड्ड्याच्या तोंडावर घाईची ऑर्डर आली,
डबल बेड, मरून आणि मोरपंखी.
किनारीला तेहतीस मोर, सगळे उजवीकडे तोंड करून.
तेहतिसावा मी मोडला.
चोच लांबवली, मान आडवी केली,
पिसाऱ्याच्या जागी आग.
पुढे तीन ठिपके, सुटलेले.
आणि अगदी खाली, शिवणीत जाता जाता राहतील अशी
तीन अक्षरं.

मालकाला दिसलं नाही. चेकरला दिसलं.
"काय बे हे, बदक?"
मी म्हणालो, हो, बदक.

चारशे नग गेले.
कुठल्या तरी लॉजवर, कूलरच्या वाऱ्यात,
कुणीतरी झोपेतच
चादरीची पायाकडची बाजू डोक्याकडे फिरवून घेतली असेल,
आणि विमान उलटं होऊन
पहिल्यांदाच
उजवीकडून डावीकडे निघालं असेल.