तळटीप त्रेचाळीस

मंगरुळेबाईंचा विषय होता
पोवाड्यांतले स्थळ, शौर्य आणि निसर्ग.
मार्गदर्शक औरंगाबादेत, बाई सेलूत,
मी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला, आणि माझ्या हातात
उस्मान टेलरकडून मागून आणलेला टेप.

एका पोवाड्यात घोडा दुधनेवरून उडी घेतो.
पाणी काळं, वीज उभी,
काठावरची बाभळ भीतीनं वाकलेली.
बाई म्हणाल्या, बाभळ भीतीनं वाकत नाही,
वाऱ्यानं वाकते.
कुठल्या दिशेच्या, ते बघून येऊ.

एप्रिल होता. नदीत पाणी नव्हतं,
तरी आम्ही चपला हातात घेतल्या.
दीडशे सेंटिमीटर, खूण. दीडशे सेंटिमीटर, खूण.
एकसष्ट वेळा.

टरबुजाच्या वाडीतून एक म्हातारा उठून आला.
"काय मोजायलाव बाई? धरणाचं हाय का?"
बाईंनी त्याला घोडा सांगितला.
तो हसला नाही.
"घोडं नाई उतरत पुरात. त्याला डोळे असतेत.
आमी काहील घालायचो, गुळाची.
तिला डोळे नसतेत, म्हनून जाती."

मग टरबूज कापता कापता सांगितलं:
रात्र, अडलेली बाळंतीण,
काहिलीत ती, तिची सासू, एक कंदील,
आणि हा पाण्यात, कडी धरून.
काठ लागायच्या आधीच पोर रडलं.

"नाव?" बाईंनी वही उघडली.
"पोराचं? ठाव नाई. त्या काठाची मानसं व्हती."
"तुमचं."
"सटवाजी. सटवाजी भोई."
"भीती नाही वाटली?"
"लै वाटली. पन हात कडीत गुतला व्हता."

उठताना त्यानं बाभळ दाखवली.
खोडाला, कमरेएवढ्या उंचीवर, गुळगुळीत खाच.
काहिलीचा दोर तिलाच बांधायचे,
त्याचा बाप, त्याच्या बापाचा बाप.

मार्गदर्शकांनी ती आठ पानं लाल पेनानं काढली.
शेरा: विषयांतर.
बाईंनी वाद घातला नाही. त्या कधीच घालत नसत.

प्रबंध छापून आला तेव्हा
घोड्याला एकतीस पानं होती.
खाली, मुंगीएवढ्या अक्षरात, त्रेचाळीस नंबरला:
'ही बाभळ वाऱ्याने वाकलेली नाही.
माहिती: सटवाजी भोई, टरबुजाची वाडी,
दुधना पात्र, सेलू.'

टेप परत केला तेव्हा
उस्मानभाई म्हणाले, यात वाळू आहे.
पुढं कितीतरी दिवस
त्यांनी शिवलेल्या शर्टांच्या बाह्या
मला उगाच थोड्या लांब वाटायच्या.