कवडसा धरणारी

माझं काम सोपं होतं.
चहाच्या खोक्यातला पत्रा ठोकलेली फळी
दोन्ही हातांनी पेलायची
आणि नाझारेत सांगेल त्या चेहऱ्यावर
उन्हाचा कवडसा टाकायचा.
मजुरी, लवाशचा अर्धा तुकडा, खारट चीज.
मी बारा वर्षांची.
अनाथालयात मला चारशे सहा म्हणत.

नाझारेत तिफ्लिसहून आलेला.
एक कॅमेरा, दोन भिंगं, त्यातलं एक तडकलेलं,
आणि बुटांत घडी घातलेली वर्तमानपत्रं.
म्हणायचा,
आपल्या माणसांना आजवर दगडातच कोरलं गेलं.
दगड हलत नाही.
मला हललेलं हवंय.

त्या दिवशी अरागात्सच्या पायथ्याशी
गाव सोडून जाणाऱ्यांचा प्रसंग होता.
साठ माणसं. व्हानची, मूशची, कार्सची.
दहा वर्षांपूर्वी खरीच चालत आलेली.
आता त्यांच्या पाठीवर
पेंढा भरलेली गाठोडी.
"रडायचं नाही," त्यानं बजावलं,
"नुसतं टेकडीपर्यंत चाला."

चालली.
टेकडी आली.
"बस्स! झालं!"
कोणी थांबेना.
सगळ्यांत पुढे म्हातारी ह्रिप्सिमे,
पेंढ्याचं गाठोडं पुढे घेऊन
थोपटत, थोपटत.
फिल्म संपली
तरी स्मबात हँडल फिरवतच राहिला.
माझा कवडसा त्यांच्या पाठींवर,
मग टाचांवर,
मग नुसत्या धुळीवर.

नाझारेत धावत गेला.
मला वाटलं, अडवेल.
त्यानं टोपी काढली
आणि त्यांच्यात मिसळून चालू लागला.
रात्री बैलगाड्या धाडून
सगळ्यांना परत आणावं लागलं.

येरेवानात कमिटीनं पाहिलं.
फार लांब आहे, म्हणाली.
ही माणसं शेवटी पोचतात कुठे?
नाझारेतला उत्तर सुचलं नाही,
किंवा सुचलं आणि त्यानं दिलं नाही.
पुढे एका शरदात
पहाटेच त्याला घेऊन गेले.
तडकलेलं भिंग खिडकीत तसंच.

फिल्मचं काय झालं?
धुऊन तिची चांदी काढली,
उरलेल्याचे कंगवे केले, असं स्मबात सांगायचा.
स्मबात पीत असे, खरंखोटं कोण जाणे.

तरी मी बाजारातून
एक पिवळट कंगवा आणलाय.
केस आता विंचरण्याजोगे उरले नाहीत.
दुपारी तो उन्हात धरते.
भिंतीवर दातांच्या सावल्या पडतात,
एका रांगेत, अंग चोरून उभ्या.
मी हात जरासा हलवते.

चालतात.