तीन मिनिटं वीस सेकंद

आमच्यात मावशीला पिन्नी म्हणतात.
ही राजमणी पिन्नी. दाजी पेठेतल्या
चार मागांच्या खोलीत गायला शिकली,
म्हणजे शिकली कसली,
जेवायला चला एवढं सांगायचं तरी
मागांच्या वरून ओरडावं लागायचं.
तिनं त्या ओरडण्याला सूर लावला, इतकंच.

मुंबईचं पत्र आलं ते विडी कारखान्याच्या पत्त्यावर.
घरच्या पत्त्यावर फक्त सूत सोसायटीची नोटीस यायची.

स्टुडिओत, ती सांगते, भीती वाटली ती शांततेची.
"आई गेली त्या रात्रीपण एवढं शांत नव्हतं,
शेजारचा माग चालूच होता की."
काचेमागचा माणूस म्हणाला, बाई, दोन पावलं मागं.
मग म्हणाला, आणखी दोन.

तिच्या आधी पक्ष्यांचे आवाज काढणारे एक गृहस्थ,
तिच्यानंतर पत्त्यांची जादू,
मध्ये तीन मिनिटं वीस सेकंद पिन्नी.
निवेदिका गोड आवाजात म्हणाली,
आता गात आहेत सोलापूरच्या राजश्री चिलवेकर.
चिलवेरीचं चिलवेकर कुणी केलं, घाईत की मुद्दाम,
विचारायला वेळ नव्हता.
समोर एकजण बोटं मिटत होता. पाच, चार, तीन.
दोन आणि एक बोलायचे नसतात,
नुसते दाखवायचे.

साडी तात्यांनी विणलेली, तिच्या वडिलांनी.
डाळिंबी अंग, पोपटी काठ.
सहा दिवस त्या मागावर दुसरं काही चढलं नाही.
पडद्यावर दोन्ही रंग एकच राखाडी निघाले म्हणे.
म्हणे, कारण आमच्यातल्या कुणी पाहिलंच नाही.
सोलापुरात तेव्हा टीव्ही दिसतच नव्हता.
परळच्या एका लांबच्या मामानं पाहिलं,
शेजाऱ्याच्या बंद खिडकीतून,
आणि पोस्टकार्ड टाकलं :
राजमणी दिसली. तोंड हलत होतं.
आवाज काचेबाहेर आला नाही. बाकी क्षेम.

पहिला चेक आला तेव्हा घरात कुणाचंच खातं नव्हतं.
पाऊणशे रुपयांसाठी पाच रुपये भरून
विणकर बँकेत खातं उघडलं.
व्यवसाय? मॅनेजरनं विचारलं.
विड्या, ती म्हणाली.
फॉर्मवर अजून तेच आहे.

अकरा वेळा गेली.
रात्रीच्या गाडीनं जायची, रात्रीच्या गाडीनं यायची,
स्टेशनावरून थेट सुपापाशी,
पापण्यांवर अजून चंदेरी काहीतरी.
हजार विड्या काही टीव्ही बघत नाहीत.

मग सोलापुरात टॉवर उभा राहिला.
तात्यांनी एक माग विकून सेट आणला,
लाकडी सरकत्या दाराचा.
गल्ली लोटली. उंबऱ्यात चपलांचा ढीग.
रविवार झाला, गुरुवार झाला,
वर्षं झाली, रंगसुद्धा आले.
पिन्नीला पत्र आलं नाही.
तात्या सेटवरची धूळ पुसता पुसता
मागच्या बाजूनं आत डोकावून बघायचे.

मी नोकरीला लागल्यावर एकदा केंद्रात जाऊन विचारलं.
तिथल्या बाई भल्या होत्या. चहा दिला, रजिस्टर काढलं.
टेपा महाग होत्या हो, म्हणाल्या,
पुसून पुन्हा वापरायचो.
तिच्या गाण्यावर बहुतेक
उसाच्या किडीची माहिती आहे.

घरी येऊन सांगितलं.
पिन्नी पानं कापत होती. कात्री थांबली नाही.
कुठली कीड? म्हणाली.
खोडकिडा.
बरं.

आता आमच्या घरात एकही माग नाही,
मी टॉवेलांचं पॅकिंग करतो. गल्लीत मात्र आहेत अजून.
दुपारी कधी वीज जाते
आणि सगळे माग एकदम थांबतात.
लोक घाम पुसत बाहेर येतात, लाईट-ऑफिसला शिव्या घालतात.
पिन्नी ओट्यापाशी असली तर
हातातलं भांडं खाली ठेवते
आणि कुणी न सांगता
दोन पावलं मागं सरते.