एक फेरी जास्तीची

सव्वा मिनिट लागतं वर जायला.
घड्याळ लावून मोजलंय मी.
एकोणीस वर्षं या दांड्यापाशी दुसरं केलं काय?
खाली वाल्पाराइसोचं बंदर, वर टेकडीवरची घरं,
मध्ये तिरक्या रुळांवर हा लाकडी डबा.
तारेला लोंबकळत नाही, तार त्याला ओढते.
नव्या माणसाला हा फरक सांगावा लागतो,
नाहीतर तो कठडा सोडत नाही.

यास्नाने कठडा कधी धरलाच नाही. हात रिकामा कुठे होता?
सहा वाजून दहा मिनिटं.
हॉटेलच्या चादरी धुऊन बोटं मनुकांसारखी झालेली,
एका पिशवीत पाव, दुसरीत धाकट्याच्या दम्याचा पंप,
आणि फोन:
आई, बूट कुठेत. आई, हा चावला मला.
आई, गॅस संपला.
आई, कुठपर्यंत आलीस?

दवाखान्यातली नर्स तिला म्हणाली होती, विश्रांती घेत जा.
यास्ना इतकी हसली म्हणे
की रक्तदाब पुन्हा मोजावा लागला.

मार्चमधली गोष्ट. शाळा नुकत्याच उघडलेल्या.
वर पोचलो, दार सरकवलं,
माणसं उतरली, मागोमाग कुणाचाच नसलेला कुत्रा उतरला,
ती नाही.
म्हटलं, बाई, आलं वर.
म्हणाली, दिसतंय मला, एलेउतेरियो.
आता खाली सोडा. मग परत वर आणा.
आणि नाणी मोजून ठेवली माझ्यासमोर,
औषधाच्या दुकानात ठेवतात तशी.

काहीच केलं नाही तिने.
हे मुद्दाम सांगतो, कारण लोकांना वाटतं
माणूस थांबला म्हणजे आतून काहीतरी चाललेलं असणार,
प्रार्थना, हिशेब, निदान रडणं.
ती नुसती बंदराकडे बघत होती.
तिथली क्रेन एक लाल पेटी उचलून
निळ्या पेटीवर ठेवत होती.
फोन पावाखाली गुदमरून वाजला, मग गप्प झाला.
पुन्हा वर आलो तेव्हा तिचे खांदे
कानांपासून दोन बोटं खाली उतरले होते.

वर, खाली, वर.
पावणेचार मिनिटं.
एवढ्यात अंडंसुद्धा धड उकडत नाही.

मग ते रोजचंच झालं.
तिची थोरली मिलेन्का, पुढचे दोन दात पडलेली,
एकदा शाळेतून येताना मला विचारते,
आईला डब्यात काय देता तुम्ही?
का गं?
हल्ली दूध सांडलं की ती आधी फडकं शोधते.
पूर्वी आधी ओरडायची, मग फडकं.

काही नाही देत, म्हटलं मी.
ती गेल्यावर वाटलं, खोटं नाही बोललो.
काही नाही, हेच तर देत होतो.

तिचा नवरा निबाल्दो, गोदामावर रात्रीचा पहारेकरी,
बायको घरी आली की हा खाली निघणार,
दारातच चिल्लीपिल्ली आणि किल्ल्या हातोहात.
जूनपासून तोही कधीमधी म्हणायचा,
एलेउतेरियो, एक फेरी जास्तीची.
आणि बायकोला सांगू नकोस.
मी कशाला सांगतो? मला पगार दांडा ओढायचा मिळतो.

ऑगस्टात एकदा असं धुकं पडलं
की क्रेनच काय, स्वतःचे रूळ दिसेनात.
वर दार सरकवलं.
आत ती बसलेली, न उतरता. बाहेर तो उभा, चढायला.
दोघांनी एकमेकांना चोरी पकडल्यासारखं पाहिलं.
पोरं?
शेजारच्या फिलोमेनाकडे. पाच मिनिटं म्हणालोय.
बरं, म्हणाली ती, आणि पिशवी बाकावरून काढून
मांडीवर घेतली.

तो शेजारी बसला नाही. समोर बसला.
त्याने टोपी काढली. तिने बुटांच्या नाड्या सैल केल्या.
मधल्या फळीवर चार पावलं, एकमेकांना न लागता.
गॅसचं कुणी काढलं नाही. बुटांचंही नाही.

नियमाने वेग कमी करता येत नाही,
फक्त वादळात येतो.
त्या दिवशी वर यायला दोन मिनिटं लागली.
वहीत मी सव्वा लिहिलं.