पत्ता

मतपेटी म्हणजे बिस्किटांचा पत्र्याचा डबा होता,
झाकणावर विटलेलं हरीण.
शाळेच्या बाकावर उपडा केला तेव्हा
मतपत्रिकांबरोबर थोडा चुराही पडला.
एकसष्ट जणांना बेट विकत घ्यायचं होतं,
अठरा जणांना नव्हतं,
आणि एकाने दोन्ही चौकटींत फुली मारून खाली लिहिलं होतं:
आधी धक्का दुरुस्त करा.

मोजणी माझ्याकडे. मी पीगी, टपाल वाटते.
तीनदा मोजलं,
कारण आमच्या घराण्यात आकडे कायम
दुसऱ्याच्या वहीत राहत आले.

माझ्या खापरपणजोबाने किनाऱ्यावरून दगड वाहिले,
फुटलेल्या गलबताची तुळई छपराला घातली.
वहीत नोंद अशी:
भिंती त्याने रचल्या, पण भिंतींखालची जमीन मालकाची,
म्हणून भिंतीही मालकाच्या.
ज्याच्या हाती ससा तो पारधी, असं म्हणतात.
आमच्या बेटावर ज्याच्या हाती ससा
तो चोर.
पारधी लंडनला असायचा.

पैसे भरले त्या रात्री टेकडीवर जाळ केला.
टॉर्कलने अकॉर्डियन काढला, दोन सूर ओलीने बसलेले.
नव्वदीची एफी जाळापाशी आलीच नाही.
काठी टेकत मोठ्या हवेलीच्या पुढच्या दाराने आत गेली
(आयुष्यभर मागच्या दाराने अंडी पोचवली तिने),
दिवाणखान्यात बसली, उठली,
बाहेर येऊन म्हणाली,
खुर्च्या दमट आहेत.

मग पहिली सभा.
रुआरीने नियम वाचून दाखवले, चष्मा पुसत पुसत.
मागच्या रांगेत डाइनिसने हात वर केला,
शाळेतल्या पोरासारखा, कोपर सरळ ठेवून.
रीगाहून आला त्याला नऊ वर्षं झाली.
सामन माशांच्या पिंजऱ्यांवर काम करतो,
धक्क्यामागे निळ्या कॅरव्हॅनमध्ये राहतो.
म्हणाला, माझं मत कुठल्या डब्यात टाकू?

नियम तीन: सभासद तो, ज्याचा बेटावर कायमचा पत्ता.
कॅरव्हॅनला चाकं असतात.
चाकं असलेल्या वस्तूला पत्ता नसतो.
कुणी दुष्टपणे बोललं नाही, हे सांगायला हवं.
टॉर्कल म्हणाला, उद्या कंपनीने चाळीस माणसं आणून ठेवली तर?
मतं त्यांची, पण मर्जी कंपनीची.
खोटं नव्हतं ते.
शंभर वर्षं पोळलेली माणसं ताकही फुंकून पितात.

नियम बदलायचा का, यावर मत घ्यायचं ठरलं.
मत कुणी द्यायचं?
ज्यांना आहे त्यांनी.
रुआरी थांबला. त्याला स्वतःलाच ते ऐकू आलं असावं.
विषय पुढच्या महिन्यावर गेला,
मेंढ्यांची लोकर कातरून झाल्यावर.

मी गप्प होते.
मला उभं राहून एवढंच सांगता आलं असतं
की नऊ वर्षं त्याच्या आईची पत्रं येतात,
पाकिटावर लिहिलेलं असतं: डाइनिस, निळी कॅरव्हॅन, धक्क्यामागे,
आणि एकही पत्र कधी चुकलेलं नाही.
आणखी हेही,
की त्या कॅरव्हॅनखालच्या तुकड्याचं भाडं
आधी मालकाकडे जायचं,
आता आमच्या खात्यात येतं.
हिशेब मीच लिहिते. वही नवी आहे.

सोमवारी टपाल घेऊन गेले.
वारा असा की पाकीट धरवेना.
चारही चाकं काढून त्याने कुंपणाला टेकवली होती,
गुडघ्यांवर बसून कडेने दगड रचत होता,
एकेक उचलून, फिरवून, बसेल तसा.
आईचं पत्र त्याने न उघडता खिशात घातलं.
मग म्हणाला, किनाऱ्यावरचे आणलेत.
विचारायला हवं होतं का?

कुणाला, ते त्याने म्हटलं नाही.
माझ्या हातात अजून अकरा घरांचं टपाल होतं.